एक काना

ताईंच्या हाताला वेग होता आणि त्या वेगाचा त्यांना अभिमान होता. अकरा जणांच्या आंघोळी दीड तासात उरकत. चहाला उकळी येईपर्यंत सगळ्या चादरी बदललेल्या असत. जेवणाच्या खोलीत एका हाताने एकाला घास, दुसऱ्या हाताने शेजारच्याची हनुवटी पुसणं, आणि नजर तिसऱ्याच्या पेल्यावर, हे त्यांच्याइतकं कुणालाच साधलं नव्हतं. नवा मदतनीस आला की पहिला आठवडा त्याला ताईंच्या हाताखाली देत. पाठीमागे सगळे त्यांना 'झटपट ताई' म्हणत. ते त्यांच्या कानावर आलेलं होतं आणि मनातून आवडलेलंही होतं.

संस्था दुमजली होती. ज्यांना स्वतःचं स्वतः करता येत नाही अशी मोठी माणसं तिथे राहत. खाली सहा खोल्या, लांब कॉरिडॉर, भिंतीला धरून चालायला लाकडी कठडा, आणि टोकाला जेवणाची खोली. तिथे टेबलं चार आणि खुर्च्या फक्त सहा, कारण बहुतेक जण आपापल्या व्हीलचेअरवरच येत. काम करणाऱ्यांना खुर्ची लागते असं कुणाच्या डोक्यातही येत नसे. 'एकदा बसलात की पुढची रांग संपत नाही,' असं ताई नव्यांना बजावत.

त्यांच्या टेबलावर मास्तर होते. शाळेशी त्यांचा संबंध कधी आला नव्हता, हे टोपणनाव होतं. जन्मापासून हातापायांवर ताबा नाही, मान एका बाजूला कललेली, वय शेहेचाळीस. नाकावर घसरलेल्या चष्म्यावरून ते समोरच्याकडे असे बघत की आपलं उत्तर चुकलंय असं वाटावं, म्हणून मास्तर. बुद्धी शाबूत होती, जीभ तेवढी साथ देत नव्हती. 'हो' म्हणायचं तर ते छताकडे बघत, 'नाही' म्हणायचं तर डोळे मिटत. बोलता येण्याजोगे शब्द पाच-सहा, तेही ऐकणाऱ्याने अर्धे आपल्या पदरचे घालून समजून घ्यायचे.

त्यातला एक शब्द जेवणाचा. दोन-चार घास झाले की मास्तर तोंड घट्ट मिटत, मान वर करण्याची धडपड करत आणि म्हणत, 'बास.' ताई ताट उचलत. 'भरलं वाटतं पोट. चिमणीएवढं खातो मेला,' असं म्हणत त्या पुढच्याकडे वळत. अकरा वर्षं हे असंच चालू होतं.

त्या वर्षी मास्तरांचं वजन एकोणचाळीस किलोवर आलं. तपासायला येणाऱ्या डॉक्टरांनी भुकेचं औषध लिहून दिलं आणि सहा आठवड्यांची मुदत घातली. तेवढ्यात वजन वाढलं नाही तर पोटात नळी बसवायची. नळीची निगा राखायला इथे नर्स नव्हती. म्हणजे मास्तरांना दुसऱ्या शहरातल्या मोठ्या ठिकाणी हलवावं लागणार, जिथे एका दालनात तीस खाटा होत्या. त्यांची धाकटी बहीण औषधांच्या दुकानात काउंटरवर उभी राहायची आणि महिन्यातून एकदा, सुट्टीच्या दिवशी, भावाला भेटायला यायची. तिथवर तिला तेवढंही जमणार नव्हतं.

बहिणीने पूर्वी दोनदा विचारलं होतं, 'माझ्यासमोर तर दादा पोटभर जेवतो, मग इथे का नाही?' दुसऱ्या वेळी ताईंचं डोकं फिरलं आणि त्यांनी तिला चार लोकांत सुनावलं. त्यानंतर बहिणीने विचारणं सोडलं.

त्याच सुमाराला संस्थेत कामाची नवी पद्धत आली. दोन दिवसांचं ट्रेनिंग झालं. ट्रेनिंगवाल्या बाईंचं म्हणणं साधं होतं: माणसाला आपल्या वेळापत्रकात बसवू नका, त्याचा दिवस त्याला विचारून ठरवा. प्रत्येकाचं एक पान तयार करायचं. मला काय आवडतं, काय नको, माझं बोलणं कसं समजून घ्यायचं, मदत कशी करायची. पान त्या माणसाजवळ बसून, त्याला विचारत लिहायचं. ताईंनी हे सगळं हाताची घडी घालून ऐकलं. चहाच्या वेळी त्या म्हणाल्या, 'म्हणजे इतकी वर्षं आम्ही इथे माशा मारत होतो.' सगळे हसले. मग जिन्याच्या पायरीवर टेकून त्यांनी मास्तरांचं पान दहा मिनिटांत लिहून टाकलं. विचारायचं काय त्यात, मास्तर त्यांना तळहातासारखे पाठ होते. जेवणाच्या रकान्यात त्यांनी लिहिलं: 'भूक कमी. पोट भरलं की बास म्हणतो, तेव्हा आग्रह करू नये.' शेवटचं वाक्य नव्या पद्धतीला धरून झालं, असंही त्यांना वाटलं.

दुसऱ्या आठवड्यात नवा मदतनीस आला. पन्नाशी उलटलेला, पोट किंचित सुटलेला गृहस्थ. तीस वर्षं त्याचं सलून होतं. रस्ता रुंद झाला आणि दुकान त्यात गेलं. येताना कात्री-कंगवा घेऊन आला होता, म्हणून पहिल्याच दिवशी त्याचं नाव सलूनवाले पडलं. तीस वर्षं उभं राहून पायांच्या शिरा दोरीसारख्या फुगल्या होत्या, आणि ते ही गोष्ट कुणापासून लपवत नसत.

सलूनवाल्यांच्या दुसऱ्या दिवशी ताईंना वरच्या मजल्यावर बोलावणं आलं, म्हणून जाता जाता त्यांनी मास्तरांचं ताट त्यांच्या हातात दिलं. पान वाचून घ्या, हे सांगायचं राहिलं. वीसेक मिनिटांनी त्या खाली आल्या तर ताट स्वच्छ होतं. मऊ भात, उकडलेल्या भाज्या, सगळं संपलेलं. सलूनवाले टेबलापाशी खुर्चीवर पाय लांब करून बसले होते आणि मास्तर चष्म्यावरून त्यांच्याकडे बघत होते.

'कुणाला दिलंत?' ताईंनी विचारलं.

'कुणाला म्हणजे? यांनीच खाल्लं. दोन घास झाले आणि मला म्हणाले, बस. म्हटलं, फार उपकार झाले.' सलूनवाले पोटरी चोळत हसले. 'तीस वर्षं मी लोकांना बसा बसा म्हणत आलो, ताई. मला कुणीतरी म्हणायची ही पहिलीच वेळ. मास्तर आहेत, बस म्हणणारच.'

ताईसुद्धा हसल्या. हसता हसता त्यांचं लक्ष मास्तरांकडे गेलं. मास्तर हसत नव्हते. ते छताकडे बघत होते.

त्या रात्री आणि दुसऱ्या दिवशी सकाळी ताईंनी या गोष्टीचा विचार केला नाही, म्हणजे करायचा नाही असं ठरवलं. दुपारी मात्र मास्तरांचं ताट पुन्हा सलूनवाल्यांकडे देऊन त्या काही काम नसताना जेवणाच्या खोलीच्या दारात रेंगाळल्या. सलूनवाले उभे राहून भरवत होते. तिसऱ्या घासाला मास्तरांनी तोंड मिटलं, मान वर करायची धडपड केली आणि तो शब्द काढला. ब आणि स यांच्या मधला स्वर त्यांच्या जिभेवर चघळला जायचा, ना धड ऱ्हस्व ना धड दीर्घ. ताईंनी तो शब्द हजारो वेळा ऐकला होता, पण कान देऊन आज प्रथमच ऐकला. सलूनवाल्यांनी पायाने खुर्ची ओढली आणि बुड टेकलं. आता त्यांचे डोळे मास्तरांच्या डोळ्यांसमोर आले. वर बघण्यासाठी ताणलेली मान सैल पडली. मास्तरांनी तोंड उघडलं.

ताई ऑफिसात गेल्या आणि कपाटातून मास्तरांची जुनी फाइल काढली. अगदी तळाशी प्रवेशाचा फॉर्म होता. आजारी आई मुलाला इथे ठेवायला घेऊन आली होती. तिने सांगितलं ते तेव्हाच्या कारकुनाने काळ्या शाईने उतरवून घेतलं होतं. 'सवयी' या शब्दापुढे एक ओळ होती: 'जेवताना बस म्हणतो.' पण आता तिथे 'बस' नव्हतं. ब च्या पुढे निळ्या शाईचा एक काना होता, आणि ओळीच्या शेवटी निळ्याच शाईत कंसात, 'म्हणजे पोट भरलं.' अक्षर त्यांचं होतं. नव्याने आलेल्यांचे फॉर्म त्या वाचत, कारकुनाच्या चुका सुधारत आणि मगच रजिस्टरात उतरवत. त्यांनी शुद्धलेखन सुधारलं होतं.

फाइल हातात होतीच, म्हणून त्यांनी पुढची पानंही उलटली. चार वर्षांपूर्वीची एक नोंद, तीही त्यांचीच: 'जेवताना आक्रमक होतो. कोपराने ताट उडवतो.' तो दिवस त्यांना चांगला आठवत होता. मास्तर तोच शब्द एकदा, दोनदा, चारदा ओरडले होते आणि ताई म्हणाल्या होत्या, 'कळलं, बहिरी नाहीये मी, नेते ताट.' मग ताट उडालं. त्या नोंदीनंतर चार महिने मास्तरांना भिंतीकडे तोंड करून वेगळ्या टेबलावर भरवलं होतं, आणि शांत राहण्याचं एक औषध दिलं होतं, ज्याने ते दुपारपर्यंत पेंगत असत.

हो आणि नाही सांगता येणाऱ्या माणसाला एवढंच विचारायचं होतं, 'पोट भरलं का?' विचारायला पाच सेकंद लागले असते. ताई फाइल घेऊन ऑफिसात उभ्या राहिल्या. बाहेरून कुणीतरी हाक मारली, तेव्हा त्यांनी ती कपाटात परत ठेवली.

त्या संध्याकाळी त्यांनी सरळ सांगून टाकायला हवं होतं. त्यांनी सांगितलं नाही. मास्तरांच्या पानावरची ती ओळ त्यांनी पांढऱ्या शाईने पुसली आणि वर लिहिलं, 'शांतपणे भरवावं.' सलूनवाले आपला किस्सा ज्याला त्याला सांगत सुटले होते, की मास्तर मला बसायला सांगतात. तेव्हा ताईच सगळ्यांदेखत म्हणाल्या, 'नव्याची नवलाई आहे. औषधाने भूक लागतेय त्याला.' त्यांचा शब्द होता, त्यामुळे तो चालला. सलूनवाल्यांनी खांदे उडवले आणि ते खुर्ची ओढून बसत राहिले. ताईंनी मास्तरांच्या टेबलाकडे जाणं टाळलं. कॉरिडॉरमध्ये त्यांची व्हीलचेअर समोरून आली की त्या चादरींच्या खोलीत शिरत. मास्तर चष्म्यावरून बघतात हे त्यांना पाठ वळवूनही कळत असे.

सहा आठवडे झाले आणि बैठक ठरली. नव्या पद्धतीप्रमाणे ज्याच्याबद्दल बोलायचं तो माणूस बैठकीत हवाच, म्हणून मॅनेजरबाईंच्या छोट्या खोलीत टेबलाच्या एका बाजूला मास्तर होते, शेजारी सुट्टी काढून आलेली बहीण, समोर डॉक्टर आणि मॅनेजरबाई. ताई दाराशी उभ्या राहिल्या.

वजन दोन किलो नऊशे ग्रॅमने वाढलं होतं. नळीचा विषय मिटला, असं डॉक्टरांनी सांगितलं तेव्हा बहिणीने भावाचा हात दोन्ही हातांत धरला. औषध लागू पडलंय, आता मात्रा वाढवू आणि वर्षभर चालू ठेवू, असं डॉक्टर म्हणाले. थोडी गुंगी येईल, पण चालेल. मॅनेजरबाईंनी ते लिहून घेतलं आणि ओघात सांगितलं की पुढच्या महिन्यापासून सलूनवाले वरच्या मजल्यावर जातील, मास्तरांचं टेबल पुन्हा ताईंकडे. बहीण ताईंकडे वळली. मागे आपलंच चुकलं, आपण उगाच शंका घेतली, असं म्हणाली. तुम्ही होतात म्हणून दादा इथे राहिला, असंही म्हणाली.

सुनावलं असतं तर ताईंनी ऐकून घेतलं असतं. हे आभार त्यांना गिळता येईनात.

'औषधाने नाही वाढलं वजन,' त्या म्हणाल्या. 'तो बास म्हणत नव्हता. बस म्हणत होता. मला. बसायला सांगत होता, आणि मी ताट उचलत होते.'

खोलीत कुणाला काही उमगेना. मग ताईंनी सगळं ओळीने सांगितलं. सलूनवाल्यांची खुर्ची, फॉर्मवरचा काना, उडालेलं ताट, भिंतीकडचं टेबल, आणि गेल्या महिन्यात पांढऱ्या शाईने पुसलेली ओळ. मॅनेजरबाईंनी पेन खाली ठेवून हळूच विचारलं, हे सगळं कुठे लेखी नाहीये ना. ताई म्हणाल्या, 'आहे. माझ्याच अक्षरात आहे.'

बहिणीने भावाचा हात सोडला नव्हता. ती म्हणाली की आई दिवसभर पायावर उभी असायची, जेवायचीसुद्धा ओट्यापाशी, उभ्या उभ्या. दादा तिला बस म्हणायचा आणि ती बसल्याशिवाय घास घ्यायचा नाही. 'हे आईने तुम्हाला सांगितलं होतं. माझ्यादेखत. याच्याजवळ बसत जा, एवढंच मागितलं होतं तिने.'

ताईंनी आठवून पाहिलं. एक वाकलेली बाई, हातात पिशवी, फार बोलणारी. तिचं काय ऐकलं ते आठवेना. तेव्हाही घाईत असणार.

'आणि मी विचारलं तेव्हा तुम्ही मला काय म्हणालात, ते आठवतंय?'

'आठवतंय.'

'मग म्हणा ना.'

डॉक्टर कागदांत बघू लागले. ताईंनी साडीच्या पदराचं टोक मुठीत घेतलं होतं, ते सोडलं.

'महिन्यातून एकदा येणाऱ्याला सगळं सोपं दिसतं,' त्या म्हणाल्या. 'एवढा पुळका आहे तर घरी घेऊन जा, म्हणाले होते.'

बहिणीने मान डोलावली, हिशेब बरोबर आला की डोलावतात तशी. मग ताई मास्तरांकडे वळल्या. माफी कशी मागायची हे त्यांना माहीत नव्हतं. कामाच्या माणसावर तशी वेळ येत नाही असंच त्या समजून चालल्या होत्या. त्या बोलत सुटल्या. चूक झाली, वाईट हेतू नव्हता, एका वेळी चार-चार ताटं असायची, हातच पुरे पडत नाहीत, माणसंही कमी, पण तरी चूक ती चूकच, किती वर्षं, कसं कळलं नाही, रात्री झोप लागत नाही. बोलता बोलता त्या पुन्हा चार ताटांवर आल्या.

मास्तरांनी मान वर करायची धडपड केली आणि तो शब्द काढला.

ताई थांबल्या. भिंतीलगत एक रिकामी खुर्ची होती. त्यांचा हात तिकडे गेला, आणि तसाच राहिला. पुन्हा आपणच ठरवायला निघालो होतो, हे त्यांच्या लक्षात आलं.

'बसू का?' त्यांनी विचारलं.

मास्तरांनी डोळे मिटले.

'मग... पुरे म्हणताय? बोलणं पुरे?'

मास्तर छताकडे बघू लागले, आणि बराच वेळ बघत राहिले, म्हणजे शंका नको. बहिणीला खुदकन हसू आलं. मग डॉक्टरांनाही आलं, ते त्यांनी खोकल्यात लपवलं. ताईंचे कान तापले. इतक्या वर्षांत मास्तरांनी त्यांना 'बास' म्हटलं ते हे पहिलंच असावं.

औषधाची मात्रा वाढली नाही. पान नव्याने लिहायचं ठरलं आणि ते ताईंनीच लिहावं, असं बहीण म्हणाली. त्यात दया नव्हती, सूडही नव्हता. जिने बिघडवलं तिनेच निस्तरावं, इतकं सरळ ते होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी आंघोळी झाल्यावर ताई मास्तरांच्या खोलीत गेल्या. बसू का, असं दारातून विचारलं. होकार मिळाल्यावर त्यांनी स्टूल ओढलं आणि एकेक प्रश्न विचारत लिहायला घेतलं. एका पानाला पावणेदोन तास लागले. मास्तरांना सकाळची आंघोळ कधीच आवडत नव्हती, त्यांना ती संध्याकाळी हवी होती. पंखा आवडत नव्हता. वर्तमानपत्र वाचून दाखवायला हवं होतं, पण मागच्या पानापासून. ताई दर वेळी 'बरं' म्हणत आणि लिहीत. यातलं काहीच त्यांना माहीत नव्हतं.

मग जेवण. भरवणाऱ्याने समोर बसायचं, हे आधी लिहिलं. कोणी भरवावं? सलूनवाल्यांनी? छत. ते वर गेले तरी जेवणापुरतं त्यांना खाली बोलवायचं? छत. ताईंनी कागदावर लिहून घेतलं, पेनचं टोपण लावलं, पुन्हा काढलं.

'आणि मी? मी बसून भरवलं तर चालेल?'

मास्तरांनी चष्म्यावरून त्यांच्याकडे पाहिलं. रागाने नाही. मग त्यांनी डोळे मिटले, आणि ताईंनी प्रश्न पुन्हा विचारू नये म्हणून की काय, लवकर उघडलेच नाहीत.

मॅनेजरबाईंनी तो कच्चा कागद पाहिला तेव्हा त्या म्हणाल्या, हे असं कशाला लिहायचं, 'सलूनवाले जास्त पसंत' एवढं पुरे आहे, भिंतीवर सगळे वाचतात. ताई म्हणाल्या, मास्तरांनी पसंती सांगितली नाही, नकार दिलाय.

पान स्वच्छ अक्षरात उतरवून झालं. ते पलंगाशेजारी भिंतीवर लागायचं होतं, तिन्ही पाळ्यांच्या लोकांना दिसेल असं. लावण्याआधी ते मास्तरांना वाचून दाखवून प्रत्येक ओळीला होकार घ्यायचा होता. ताई स्टुलावर बसल्या आणि वाचू लागल्या. दारात सलूनवाले कंगवा हातात घेऊन थांबले होते आणि त्यांच्यामागे नव्याने लागलेल्या दोघी मुली, ताईंच्याच हाताखाली शिकणाऱ्या. ताईंनी त्यांना जायला सांगितलं नाही.

'जेवण भरवायला ताई नकोत,' त्यांनी वाचलं. 'बरोबर लिहिलंय?'

मास्तर छताकडे बघू लागले. ताईंनी ओळीपुढे खूण केली आणि पुढची ओळ वाचली.